डुलक्या डोंगर आणि कोंडाईचे दात

एक होता डोंगर आणि त्याला झोप फार यायची. हसू नकोस शमे, डोंगरालाही झोप येते. सगळ्यांना येते, एक तुम्ही दोघं सोडून. केदार, पाय आत घे बघू, आणि ती उशी बहिणीला दे. हं, आता ऐका.

तर त्या डोंगराचं नाव होतं डुलक्या. त्याच्या पायथ्याशी एक गाव होतं, नादवाडी. डुलक्याला डुलकी लागली की तो पुढे कलायचा, तो थेट गावावर. आज थोडा, उद्या थोडा. वर्ष सरत आलं की इतका कलायचा की दुपारची जेवणं होतात न होतात तोच गावात सावली पडायची. कोंबड्यांना वाटायचं संध्याकाळ झाली. मग त्या खुराड्यात जाऊन बसायच्या.

मग पाडव्याच्या सकाळी सगळं गाव शेतात जमायचं. डोंगराकडे तोंड करून सगळे एका सुरात घुमायचे, हूंऽऽऽ. जमिनीला कंप सुटायचा. डुलक्या दचकून जागा व्हायचा, अंगावरचे दगडधोंडे झटकायचा आणि ताठ उभा राहायचा. वर्षाची काळजी मिटायची. मग घरोघर गुढ्या उभ्या राहायच्या आणि लोक पुरणपोळीवर ताव मारायचे.

आता तुम्ही म्हणाल, आवाजानं कुठे डोंगर हलतो का? अगं, आपल्या गल्लीत ढोल वाजला की फडताळातली भांडी थरथरतात ना? आणि ही माणसं तर नादकरी होती. नादकऱ्यांचा मोठा मेळ होता तिथे. घर बांधायचं, भांडं घडवायचं, पाणी काढायचं, सगळी कामं हे लोक आवाजानं करायचे. पोटातून घुमलं की दगड थरथरत उठायचे आणि आपापली जागा धरून बसायचे. नाकातून गुणगुणलं की लाकूड वाकायचं. ओल्या मातीच्या गोळ्याशी तोंड नेऊन गायलं की माती फुगायची आणि रांजण तयार. घाम गाळायला नको की हात चिखलात घालायला नकोत. घसा तेवढा जपायचा, बरं का. म्हणून त्या गावात रात्रीचं दही कुणी खात नसे, आणि भांडणंसुद्धा नुसत्या हातवाऱ्यांनी व्हायची. तुमच्यासारखा गलका नाही.

या मेळाची एक रीत होती. कुठल्याही कामाला पहिला सूर लावायचा तो मेळातल्या सगळ्यात थोर माणसानं. तो सूर बाकीच्यांनी कानात घ्यायचा आणि मग आपला लावायचा. आणि दुसरी रीत ऐका. थोरल्याचा सूर वाकडा वाटला, तर सूर वाकडा नसतोच, आपला कान वाकडा असतो. घरी जायचं, कानात कोमट तेल घालायचं आणि गप्प बसायचं. मला विचाराल तर पहिली रीत शहाण्यानं काढली आणि दुसरी कुणीतरी घाबरटानं.

त्या वेळी मेळाची थोरली होती कोंडाई. अंगानं काटकुळी, तोंडानं फटकळ. पण सूर असा की तिनं चुलीपुढे बसून नुसतं 'हूं' केलं की तव्यावरची भाकरी टम्म फुगायची. तिच्या मुलाचं, म्हाळूचं, लग्न झालं आणि घरात सून आली. तिचं नाव ठकू. ही ठकू मेंढपाळांच्या वाडीची. तिकडे माणसं या टेकडीवरून त्या टेकडीवर हाका मारतात. त्यामुळे पोरीचा आवाज हा असा, फुटक्या पत्र्यासारखा.

पहिल्याच दिवशी तिनं सगळ्यांबरोबर मातीच्या गोळ्याशी सूर लावला, आणि रांजण व्हायचा तो झाला पाटा. सपाट. सगळे तोंड दाबून हसले. ठकूचे डोळे भरून आले. तेव्हा कोंडाई उठली आणि म्हणाली, हसता काय? हिची हाक डोंगरापलीकडे जाते, तुमची उंबऱ्याबाहेर जाईना. पाटा घरी आणा, मला वाटायला हवाच होता. तेव्हापासून ठकूचा सासूवर इतका जीव जडला म्हणता, की विचारू नका. म्हाळूपेक्षा जास्तच म्हणा ना.

मग एकदा काय झालं, संक्रांत आली. कोंडाईनं ऊस खायला घेतला. ठकूनं कोयता पुढे केला तर म्हणाली, कोयता म्हाताऱ्यांना लागतो. आणि ऊस सोलायला गेली दातांनी. कडकन आवाज झाला. ऊस होता तसाच राहिला, कोंडाईचे पुढचे दोन दात मात्र उसात. केदार, तू कशाला हसतोस? तुझ्या तोंडात तरी काय राहिलंय?

दुखलं खुपलं नाही म्हणून कोंडाईनं ते मनावर घेतलं नाही. पण दुसऱ्या दिवशी तिनं पहिला सूर लावला, आणि 'हूं'च्या जागी निघालं 'हूंफ्ऽऽ'. दातांच्या फटीतून वाराच वारा. तिला स्वतःला ते काही कळलं नाही. आपलं घोरणं आपल्याला ऐकू येतं का कधी? तसंच ते.

मग त्या सुरावर रांजण घडवले. झाले छान, गोल, गुळगुळीत. पण प्रत्येक रांजणाच्या पोटाला दोन दात मावतील एवढं भोक. पाणी भरलं की भोकातून चूळ टाकल्यासारखं बाहेर.

मग दामूतात्यांच्या गोठ्याची भिंत उभी केली. हे दामूतात्या म्हणजे कोंडाईच्या खालोखाल थोर. भिंत झाली भक्कम, पण मधोमध उभी फट. त्या फटीतून तात्यांच्या शेळ्या निघाल्या आणि शेजारणीचा वालाचा वेल फस्त करून आल्या.

मग विहीर काढली. पाणी वर आलं खरं, पण आलं ते तिरपं, शिट्टी मारत, आणि पडलं कुठे? तर पलीकडच्या अंगणात बायकांनी वाळत घातलेल्या पापडांवर.

लोकांनी एकमेकांकडे बघितलं. बोललं मात्र कुणी नाही. जो तो मनात म्हणाला, माझाच कान वाकडा. जो तो घरी गेला आणि कानात तेल घालून कुशीवर पडला. रोज तेल, दोन्ही कानांत तेल. गावात फोडणीला तेल उरलं नाही. लोक भाज्या नुसत्या उकडून खायला लागले, पण थोरलीला काही म्हणतील तर शपथ.

आणि याच्यापुढचं शहाणपण ऐका. एकेक जण घरी बसून सराव करायला लागला. थोरलीच्या सुरात वारा आहे ना, मग आपल्याही सुरात वारा हवा. धडधाकट दातांची माणसं जीभ वाकडी करून 'हूंफ्ऽऽ हूंफ्ऽऽ' घोकत बसली. शेवटी सगळ्यांचा सूर असा मिळाला, असा मिळाला, की फरक म्हणून राहिला नाही.

त्या पाट्यानंतर एकट्या ठकूला मेळात घेतलेलं नव्हतं, म्हणून तिला कुणी तेल घालायला सांगितलं नाही. तिनं रांजणाचं भोक पाहिलं, सासूचं तोंड पाहिलं आणि तिला सगळं उमगलं. मग तिनं वर डोंगराकडे पाहिलं. डुलक्या त्या वर्षी जरा जास्तच पेंगत होता. सावली आता सकाळची न्याहारी झाली की यायची. ठकूनं मनाशी हिशेब केला. पाडव्याला असलाच सूर लागला तर डोंगर उठणार नाही. आणि उठला नाही तर गावावर पडेल. घरं, गुरं, तान्ही पोरं, तिच्या आत्याबाई, म्हणजे सासूबाई, सगळं त्याच्याखाली. तिनं म्हाळूला सांगितलं. म्हाळूनं सगळं ऐकून घेतलं आणि बायकोच्या कानासाठी तेल गरम करायला ठेवलं.

तेव्हा आपणच बोलायचं असं ठकूनं ठरवलं. पण कसं? सासूला लागेल असं बोलवेना. पहिल्यांदा तिनं भोकाचा रांजण कोंडाईच्या पुढ्यात नेऊन ठेवला. कोंडाईनं तो फिरवून फिरवून बघितला आणि म्हणाली, ही पोरं हल्ली कान देत नाहीत. दुसऱ्यांदा ठकूनं मेणाचे दोन छोटे दात केले आणि पानाच्या तबकात ठेवले. कोंडाईनं ते सुपारी म्हणून चावले आणि थुंकून टाकले. तिसऱ्यांदा ठकूनं पदर खोचला, समोर बसली आणि सरळ सांगितलं, "आत्याबाई, राग आला तर येऊ द्या. तुमच्या सुरातून वारा जातोय. म्हणून समद्याला भोकं पडत्यात."

बाई बाई, काय चिडली कोंडाई! सगळा जन्म सूर लावण्यात गेला आणि काल आलेली पोर खोट काढते. पाटा करणारीनं मला रांजण शिकवू नये, म्हणाली. बोलून गेली आणि तिचं तिलाच वाईट वाटलं, पण मागे घेईल तर ती कोंडाई कसली. सासूसुनांचं बोलणं बंद झालं. ठकू मुकाट्यानं भाकरी करायची. आणि त्या घरातली भाकरी फुगेनाशी झाली.

आणि पाडवा उजाडला.

सगळं गाव शेतात जमलं. आकाश निम्मंच दिसत होतं, निम्म्यात डोंगर. बायांच्या कडेवर तान्ही पोरं होती, कुत्रीमांजरं पायात होती. कोंडाई पुढे झाली, छाती भरून श्वास घेतला आणि सूर लावला, हूंफ्ऽऽऽ. मागून सगळ्या गावानं साथ धरली, हूंफ्ऽऽऽ. इतका मऊ आणि वाऱ्याचा सूर, की कडेवरची पोरं पटापट झोपली. कुत्र्यांनी तिथंच अंग टाकलं. आणि डुलक्यानं काय केलं? दिली एक लांबलचक जांभई आणि आणखी खाली कलला. एक मोठा धोंडा सुटून गडगडत आला आणि कोंडाईच्या अंगणात तुळशीजवळ येऊन थांबला.

कोंडाईनं मागे वळून पाहिलं. तिला वाटलं, लोक पळत सुटले असतील. तर नाही. सगळे जागच्या जागी उभे होते. डोक्यावर डोंगर लोंबतोय आणि हे लोक काय करताहेत? तर कमरेच्या बाटल्या काढून कानात तेल घालताहेत. लहानांपासून दामूतात्यांपर्यंत. म्हाळू एका हातानं आपल्या कानात घालत होता आणि दुसऱ्या हातानं शेजाऱ्याच्या.

ते बघून कोंडाईला पहिल्यांदाच कळलं. ही माणसं डोंगराखाली चिरडून मरतील, पण माझा सूर चुकला असं म्हणणार नाहीत. असला कसला मान? तिचे डोळे भरून आले. आणि तिनं हात वर केला.

"थांबा," ती म्हणाली. "कान तुमचे चांगले हायत. सूर माझा फुटलाय. सुनेनं सांगितलं व्हतं, मीच ऐकलं न्हाई."

मेळाच्या थोरल्यानं असं बोलायची रीतच नव्हती. मग कोंडाईनं दामूतात्यांना पुढे बोलावलं आणि पहिला सूर लावायला सांगितलं. तात्यांचे दात कसे, बत्तीसच्या बत्तीस. तात्यांनी घसा खाकरला, डोळे मिटले, आणि सूर निघाला, हूंफ्ऽऽ. सवय झाली होती ना! मग दुसरा पुढे आला, हूंफ्ऽऽ. तिसरी आली, हूंफ्ऽऽ. साऱ्या गावात सरळ सूर म्हणून उरलाच नव्हता. आणि वर डुलक्या पेंगतोय. आता लागली खरी भीती.

तेव्हा ठकू बोलली. तिला बोलायचा मान नव्हता, पण आता मान कुणाला हवा होता? ती म्हणाली, आमच्याकडे झोप आलेल्या कोकराला कुणी उठवत नाही. "त्यो कधीचा दमलाय, आत्याबाई. दर साली उठवायचं, दर साली उठवायचं. एकदा निजवा की त्याला."

काय गंमत आहे बघा. इतकी वर्षं एवढे हुशार नादकरी, पण हे कुणाच्या डोक्यातच आलं नव्हतं. सगळे उभं करण्यात पटाईत. निजवायचं कुणाला सुचलंच नाही.

पण निजवायचं तर कुठे? इकडे निजला तर गावच उशाला घेईल. कोंडाईनं क्षणभर विचार केला. झोपेतलं मूल आईच्या आवाजाकडे कूस वळवतं. डोंगराच्या पलीकडे नुसता माळ होता, ओसाड, कुसळांचा. तिकडून अंगाई म्हटली तर डुलक्या तिकडे वळेल. पण म्हणणारा त्याच्या वाटेत असेल. कोंडाई म्हणाली, मी जाते. तुम्ही सगळ्यांनी इथंच थांबायचं आणि तोंडातून चकार शब्द काढायचा नाही. तुमचा आवाज आला तर तो इकडे वळेल.

कोंडाई खिंडीच्या वाटेनं निघाली आणि ठकू न विचारता मागोमाग गेली. कोंडाईनं तिला परत फिरायला सांगितलं. ठकू म्हणाली, तुमचा आवाज त्याच्या कानापर्यंत पोचायचा न्हाई. कान केवढा उंच हाय.

मग दोघी माळावर उभ्या राहिल्या. कोंडाईनं आपला वाऱ्याचा सूर लावला आणि त्यावर शब्द ठेवले. ठकूनं दोन्ही हात तोंडाशी धरले आणि एकेक शब्द वर डोंगराच्या कानात नेऊन सोडला.

नीज रे डोंगरा, उतरव ओझं,
माळाच्या उशीला डोकं टेक तुझं.

डुलक्यानं ऐकलं. आजवर त्याला सगळ्यांनी ऊठ म्हटलं होतं, नीज कुणी म्हटलं नव्हतं. त्यानं गावावरून मान काढली आणि हळूच माळाकडे वळला. झाडं करकरली. घारी घरटी सोडून वर उडाल्या. सावली दोघींच्या अंगावर आली. आता पळायचं नव्हतं, बरं का. पळालं की धाप लागते, धाप लागली की सूर तुटतो, आणि सूर तुटला की डोंगर दचकतो. म्हणून दोघी गात गात एकेक पाऊल मागे सरकत गेल्या. कोंडाईचा पाय कुसळांत अडखळला, तशी ठकूनं तिच्या कमरेला मिठी घातली आणि तिला उचलून मागे नेलं. गाणं दोघींचं चालूच होतं.

डुलक्या आडवा झाला, अगदी हळू. आधी खांदा टेकवला, मग मान, मग डोकं. ते डोकं कोंडाईच्या पायापासून वीतभरावर येऊन थांबलं. त्यानं एक लांब सुस्कारा सोडला. त्या सुस्काऱ्यानं माळावरची सगळी कुसळं एकदम वाकली आणि पुन्हा उभी राहिली. कोंडाई खाली बसली आणि त्याच्या कपाळावरच्या खडकावर थोपटत राहिली.

मग कोंडाई खोटं खोटं रागावून सुनेला म्हणाली, "ठके, मला आधी का न्हाई सांगितलंस?"

ठकू म्हणाली, सांगितलं होतं की.

"मोठ्यानं सांगायचं, पोरी. मी म्हातारी झाले."

आणि दोघी अशा हसल्या, अशा हसल्या, की डोंगर उठेल म्हणून एकमेकींच्या तोंडावर हात धरावे लागले.

इकडे गावात काय झालं? दुपार झाली तरी ऊन होतं. तिसरा प्रहर झाला तरी ऊन. गावानं असं ऊन जन्मात पाहिलं नव्हतं. कोंबड्या बिचाऱ्या खुराड्याशी जायच्या, बाहेर डोकवायच्या आणि परत दाणे टिपायला यायच्या. म्हाताऱ्यांनी खाटा बाहेर काढल्या. पोरं ओरडत सुटणार होती, पण आयांनी तोंडावर बोट ठेवलं. मग सगळ्यांनी अगदी हळू आवाजात नाच केला. गुढ्या उशिरा उभ्या राहिल्या, पण काय दिमाखात! पुरणपोळीवर तेवढं तूप वाढलं, कारण तेल कुणाच्या घरी औषधालासुद्धा नव्हतं.

मग नादकऱ्यांनी कान धुऊन काढले. थोडे दिवस गप्प राहिले आणि हळूहळू पोटात दडलेले सरळ सूर परत आले. पहिला सूर दामूतात्या लावू लागले. पण रीत बदलली. सूर लावून झाला की थोरल्यानं विचारायचं, कसा लागला? आणि सगळ्यांनी खरं सांगायचं. आता नादकरी इतकं खरं सांगतात की तात्या वैतागून जातात, पण रांजणाला भोक म्हणून पडत नाही. ठकूला मेळात घेतलं. गावाला पाटे लागतातच की. लांबचं काम असलं की निरोपही तिनंच पोचवायचा, एका हाकेत.

आणि कोंडाई? तिचा तर मान वाढला. संध्याकाळ झाली की सगळ्या गावच्या आया आपापली पोरं घेऊन तिच्या ओसरीवर यायच्या. ती पाय पसरून बसायची आणि तिचा एक सूर लागला की चाळीस पोरं चटईवर आडवी. मग ती माळावर जाऊन डुलक्याला थोपटून यायची. बरोबर ठकू असायचीच. घरची भाकरी पुन्हा टम्म फुगू लागली. सगळे पोटभर जेवले, उन्हात बसले आणि मजेत राहिले.

डोंगर निजला, गाव निजलं, सासू निजली, सून निजली. केदार केव्हाचा घोरतोय. आता शमे, उरलीस तू एकटी. मीट बघू डोळे. हूंफ्ऽऽऽ.